पोपटांनी वाचवलेला शिपाई : शिगेरु मिझुकी, त्यांची भुते आणि त्यांचे युद्ध

#थ्रेड #इतिहास

१/
साल १९४४. पॅसिफिक महासागरातील न्यू ब्रिटन बेट. पहाटेच्या पहाऱ्यावरचा एक तरुण जपानी शिपाई दुर्बिणीतून शत्रूऐवजी पोपट न्याहाळत होता. सोबत्यांना उठवण्याची वेळ टळून गेली, तरी त्याला भान नव्हते. त्या रेंगाळण्यामुळेच तो वाचला. झोपडीत निजलेले त्याचे सगळे सोबती त्या पहाटे मारले गेले. पुढे हाच शिपाई जपानमधील सर्वांत लाडक्या भुतांचा चित्रकार झाला. त्याचे नाव शिगेरु मिझुकी.

२/
मित्रहो, ‘मांगा’ म्हटले, की आपल्यापैकी बहुतेकांना नारुतो, वन पीस, ड्रॅगन बॉल आठवतात. फार तर ओसामु तेझुका आणि त्यांची बुद्धचरित्रावरील चित्रमालिका. मिझुकी तेझुकांपेक्षा सहा वर्षांनी मोठे. पण तेझुका विशीत प्रसिद्धीस आले आणि मिझुकींना चाळिशी ओलांडेपर्यंत थांबावे लागले. मधल्या वर्षांत युद्ध होते, गमावलेला हात होता आणि दारिद्र्य होते. आजचा धागा त्या वर्षांविषयी आणि त्यांतून जे निपजले त्याविषयी.

३/
मूळ नाव शिगेरु मुरा. जन्म ८ मार्च १९२२, ओसाका येथे; बालपण मात्र जपानच्या पश्चिम किनाऱ्यावरील साकाइमिनातो या मासेमारीच्या बंदरात गेले. लहानपणी त्याला स्वतःचे ‘शिगेरु’ हे नाव नीट उच्चारता येत नसे. तो ‘गेगे’ म्हणे. तेच त्याचे टोपणनाव झाले. हे बोबडे नाव लक्षात ठेवा, पुढे त्याचे काम पडणार आहे.

४/
त्याच्या घरी कामाला फुसा कागेयामा नावाची एक वृद्धा येत असे. देवाधर्माचे करून पोट भरणाऱ्यांना त्या भागात ‘नोन्नोन’ म्हणत. म्हणून ती ‘नोन्नोनबा’, म्हणजे जपजाप्य करणारी आजी. छतावरचा डाग दिसला, की ती सांगे, हा रात्री जीभ लावून छत चाटणाऱ्या भुताचा प्रताप. आपल्याकडे कोकणातल्या आज्या जशा वेताळ, मुंजा, हडळ यांच्या गोष्टी घरातल्या माणसांइतक्या सहजपणे सांगत, तशीच ही.

५/
या अदृश्य प्राण्यांना जपानीत ‘योकाई’ म्हणतात. भूत, राक्षस, ग्रामदैवत आणि निसर्गातला गूढ चमत्कार या सगळ्यांच्या सीमेवर त्यांची वस्ती. सगळेच काही वाईट नसतात. काही खोडकर, काही आळशी, काही निव्वळ एकाकी. जगात दिसते तेवढेच नसते, हा नोन्नोनबाचा धडा शिगेरुने आयुष्यभर सोडला नाही.

६/
शाळेत त्याचे लक्ष नसे. चित्रकला मात्र लहानपणापासून उत्तम. पण जपान तेव्हा वेगळ्याच दिशेने चालला होता. १९३१ मध्ये मांचुरिया, १९३७ मध्ये चीनशी उघड युद्ध, १९४१ मध्ये पर्ल हार्बर. वयात येणाऱ्या मुलापुढे भविष्य म्हणून एकच गोष्ट उभी होती : सैन्यभरतीचा कागद.

७/
१९४२ साली, विसाव्या वर्षी, त्याने लिहिलेली काही टिपणे २०१५ मध्ये घरात सापडली. मरण समोर दिसत असताना कला श्रेष्ठ की धर्म, तत्त्वज्ञानाने काही आधार मिळतो का, असे प्रश्न त्यांत आहेत. एकरमानने लिहिलेले गटेचे संवाद हे त्याचे आवडते पुस्तक. ते त्याने युद्धावरही सोबत नेले. देशभक्तीच्या घोषणांनी दुमदुमणाऱ्या काळात एक मुलगा खोलीत बसून मरणाची भीती कागदावर मांडत होता.

८/
१९४३ मध्ये तो सैन्यात दाखल झाला. त्याला बिगुल वाजवण्याचे काम दिले गेले, पण बिगुल काही वाजेना. बदली मागितल्यावर अधिकाऱ्याने विचारले, उत्तर हवे की दक्षिण? थंडीचा कंटाळा असल्याने त्याने ‘दक्षिण’ म्हटले. त्याला वाटले, जपानच्या दक्षिणेकडची एखादी ऊबदार छावणी मिळेल. मिळाले राबाउल. हा किस्सा मिझुकी पुढे हसत सांगत.

९/
त्यांना नेणारे जहाज होते ‘शिनानो मारू’. इतिहासप्रेमींनी येथे क्षणभर थांबावे. १९०५ च्या रशिया-जपान युद्धात रशियाचे बाल्टिक आरमार सर्वप्रथम हेरले ते याच जहाजाने. त्यातून त्सुशिमाचा विख्यात विजय घडला. जपानच्या लष्करी उत्कर्षाचे साक्षीदार असलेले ते जहाज आता जुनाट झाले होते आणि पोरसवदा शिपायांना एका हरत चाललेल्या युद्धाकडे नेत होते.

१०/
राबाउल म्हणजे न्यू ब्रिटन बेटावरचे बंदर. जानेवारी १९४२ मध्ये जपानने ते ऑस्ट्रेलियाकडून जिंकून प्रचंड तळ उभारला. दोस्त राष्ट्रांनी पुढे त्यावर थेट चाल केली नाही. त्याला वळसा घातला, रसद तोडली आणि सुमारे एक लाख जपानी सैनिक तेथेच अडकून पडले. सिंगापूर पडल्यावर कैद झालेले हजारो भारतीय सैनिकही जपान्यांनी मजुरीसाठी न्यू ब्रिटन आणि न्यू गिनीला नेले होते. उपासमार आणि रोगराई यांनी त्यांतील अनेकांचा बळी घेतला. या बेटाच्या शोकांतिकेत आपलीही माणसे आहेत.

११/
आता सुरुवातीच्या त्या पहाटेकडे परत येऊ. बायेन या ठिकाणी दहा-एक जणांची आघाडीची तुकडी होती. हल्ला झाला आणि पोपट पाहणारा एकटा शिगेरु वाचला. त्याने समुद्रात उडी घेतली, मग जंगल गाठले. बंदूक गेली, कपडे गेले. मागे पाठलाग, पुढे अंधार. अनेक दिवसांच्या फरफटीनंतर तो अंगावरच्या लंगोटीनिशी आपल्या छावणीत पोहोचला.

१२/
त्या पळापळीत एका रात्री त्याची वाट अडली. समोर काही दिसत नव्हते, पण पाऊल पुढे पडेना. डांबरासारखी दाट, काळी भिंत उभी असल्यासारखे वाटले. थकून तो तेथेच बसला आणि थोड्या वेळाने वाट मोकळी झाली. पुढे त्याला आठवले, की रात्री वाटसरूला अडवणाऱ्या अशाच अदृश्य भिंतीची लोककथा जपानच्या क्यूशू भागात आहे. त्या योकाईचे नाव ‘नुरिकाबे’.

१३/
छावणीत त्याचे स्वागत कसे झाले? वरिष्ठाने त्याला झापले. सम्राटाने दिलेली बंदूक टाकून पळालास. सगळे मेले असताना तू एकटा जिवंत का परतलास? हा प्रश्न एका निर्दय माणसाचा नव्हता, तो एका व्यवस्थेचा होता. जानेवारी १९४१ मध्ये तोजो यांच्या नावे निघालेल्या सैनिकी आचारसंहितेने शत्रूच्या हाती जिवंत सापडणे हीच लज्जा ठरवली होती. मे १९४३ मध्ये अट्टू बेटावरची तुकडी संपली, तेव्हा सरकारने शब्द वापरला ‘ग्योकुसाई’ : रत्नासारखे फुटून जाणे. सामूहिक मरणाला दिलेले ते सुंदर नाव होते.

१४/
पाठोपाठ मलेरिया आला. तापाने फणफणलेल्या अवस्थेत असतानाच हवाई हल्ला झाला आणि त्याचा डावा हात जायबंदी झाला. जंगलातल्या इस्पितळात भूल न देता हात कापावा लागला. चित्रकार होऊ इच्छिणारा मुलगा बाविसाव्या वर्षी एका हाताचा झाला. रेखाटणारा उजवा हात शाबूत राहिला, एवढेच काय ते नशीब.

१५/
याच काळात त्याची गाठ तोलाई लोकांशी पडली. छावणीजवळच्या त्यांच्या वस्तीत तो चोरून जाऊ लागला. त्यांनी त्याला फळे दिली, कंदमुळे दिली, ‘पाउलो’ म्हणून हाक मारली. तोपेत्रो नावाचा मुलगा त्याचा दोस्त झाला. शिस्तीच्या नावाखाली रोज थोबाडीत खाणाऱ्या शिपायाला माणसासारखी वागणूक मिळाली, ती ज्यांना त्याचे सैन्य ‘रानटी’ म्हणत होते त्यांच्याकडून.

१६/
युद्ध संपले तेव्हा तोलाईंनी त्याला राहण्याचा आग्रह केला. घर बांधून देऊ, शेत देऊ म्हणाले. त्याचा विचारही पक्का झाला होता. एका लष्करी डॉक्टराने समजावले, निदान एकदा घरी जाऊन आईवडिलांना भेट. मग परत येईन असे वचन देऊन तो १९४६ मध्ये जपानला आला. ते वचन पाळायला त्याला पंचवीस वर्षे लागली. १९७१ मध्ये तो राबाउलला गेला आणि तोपेत्रो त्याला पुन्हा भेटला.

१७/
घरी परतल्यावरही युद्ध संपले नव्हते. त्याचा मोठा भाऊ तोफखान्यातील अधिकारी होता. युद्धकैद्यांच्या हत्येबद्दल तो युद्धगुन्हेगार ठरला आणि तुरुंगात गेला. एकाच घरात एक भाऊ युद्धाचा बळी आणि दुसरा गुन्हेगार. मिझुकींच्या युद्धकथांत सरळसोट नायक आणि खलनायक का नाहीत, याचे एक उत्तर येथे असावे.

१८/
मग सुरू झाली पोटाची लढाई. मासेविक्री, कलाशाळेतले अर्धवट शिक्षण, चित्रपटगृहातले काम. पुढे कोबे शहरात कर्ज काढून त्याने एक जुनी इमारत घेतली आणि खोल्या भाड्याने दिल्या. ती ‘मिझुकी’ नावाच्या रस्त्यावर होती, म्हणून इमारत ‘मिझुकी-सो’. आणि त्यावरूनच आपल्या चित्रकाराला मिळाले ‘मिझुकी’ हे आडनाव. एका भाडेकरूमुळे तो ‘कामिशिबाई’च्या धंद्यात शिरला.

१९/
कामिशिबाई म्हणजे कागदी नाटक. सायकलवर लाकडी चौकट लावून माणूस गल्लीत येई, मुलांना गोळ्या विकी आणि एकेक चित्र सरकवत गोष्ट सांगे. पिंगुळीच्या चित्रकथीची परंपरा ठाऊक असलेल्यांना हा प्रकार लगेच कळेल. १९३० च्या दशकात ‘थडग्यातला कितारो’ नावाची कामिशिबाई गाजली होती. मिझुकींनी मूळ लेखकाच्या अनुमतीने तिला नवे रूप दिले. पण १९५३ मध्ये जपानमध्ये दूरदर्शन आले आणि गल्लीतला सायकलवाला हळूहळू दिसेनासा झाला.

२०/
१९५७ मध्ये मिझुकी टोकियोला आले आणि भाड्याने पुस्तके देणाऱ्या दुकानांसाठी चित्रकथा काढू लागले. पहिले पुस्तक ‘रॉकेटमॅन’, १९५८. मोबदला तुटपुंजा, तोही बुडवणारे प्रकाशक. १९६१ मध्ये नुनोए यांच्याशी विवाह झाला. कांदेपोह्यांचा कार्यक्रम म्हणावा तशी पहिली भेट आणि पाचव्या दिवशी लग्न! संसार गहाणवटीवर चालला. एवढ्या कमी उत्पन्नात कोणी जगेल यावर विश्वास न बसून प्राप्तिकर खात्याचे लोक चौकशीला आले, तेव्हा मिझुकींनी त्यांच्यापुढे सावकाराकडच्या गहाणपावत्या टाकल्या. नुनोए रात्री जागून चित्रांतल्या रेषा आणि ठिपके भरत.

२१/
१९६० मध्ये कितारो पुस्तकरूपाने अवतरला. ही कथा मुळात भयाण आहे. पृथ्वीवर पूर्वी नांदणाऱ्या भूतवंशाचे शेवटचे जोडपे रोगाने मरते. पुरलेल्या आईच्या थडग्यातून मूल रांगत बाहेर येते. कुजून गेलेल्या बापाचा फक्त डोळा, मुलाच्या काळजीपोटी, जिवंत होतो. हातपाय फुटलेला तो डोळा कितारोच्या केसांत राहून त्याला शहाणपण सांगतो. डोळ्याएवढा उरलेला बाप : अपत्यप्रेमाचे इतके विचित्र आणि इतके हृद्य चित्र क्वचितच कोणी काढले असेल.

२२/
दूरदर्शनने मिझुकींचा पहिला धंदा बुडवला होता; उपरोध असा, की त्यांना वर काढले तेही दूरदर्शनवरील एका कथेने. पडद्याच्या आत शिरून जाहिरातीतल्या वस्तू बाहेर आणणाऱ्या मुलाच्या ‘तेरेबी-कुन’ या कथेला कोदान्शा प्रकाशनाचा पुरस्कार १९६५ मध्ये मिळाला. तेव्हा ते ४३ वर्षांचे होते. मग कितारो ‘शोनेन मॅगझिन’ या साप्ताहिकात गेला. नावातले ‘थडगे’ जाहिरातदारांना रुचेना, तेव्हा मिझुकींनी बालपणीचे बोबडे ‘गेगे’ बाहेर काढले. ‘गेगेगे नो कितारो’ हे नाव १९६७ मध्ये आले, जानेवारी १९६८ मध्ये तो दूरदर्शनवर झळकला आणि घरोघरी पोहोचला.

२३/
इतिहासाच्या दृष्टीने मिझुकींचे मोठे काम येथे आहे. लोकसाहित्याचे अभ्यासक कुनिओ यानागिता यांनी गावोगावच्या योकाईंची नावे आणि वर्णने शब्दांत नोंदवली होती. वाळू फेकणारी म्हातारी, बाळासारखा रडणारा म्हातारा, उडते कापड : यांतल्या अनेकांना ठरलेला चेहराच नव्हता. तो मिझुकींनी दिला. जंगलात वाट अडवणारी नुरिकाबे हातपाय आणि झोपाळू डोळे असलेली भिंत झाली आणि कितारोची मैत्रीण बनली. शहरे वाढत होती, विजेच्या दिव्यांनी अंधार हटत होता. नोन्नोनबाचे जग लोपणार, इतक्यात कोट्यवधी मुलांच्या मनात त्याला जागा मिळाली.

२४/
यश आले, पण बायेनची झोपडी मिझुकींना विसरता आली नाही. त्यांच्याच बटालियनचे काय झाले, हे त्यांना ठाऊक होते. १९४५ मध्ये तरुण बटालियन-प्रमुखाने ‘ग्योकुसाई’चा निर्णय घेतला आणि तसे राबाउलला कळवले. मुख्यालयाने सगळे मेल्याचे मानले. आणि मग काही जण जिवंत निघाले! मेल्याचे जाहीर झालेले सैनिक जिवंत असणे लष्कराला परवडणारे नव्हते. अधिकाऱ्यांना आत्महत्या करावी लागली; उरलेल्यांना पुन्हा आघाडीवर मरायला धाडले गेले.

२५/
हीच कथा त्यांनी १९७३ मध्ये ‘सोइन ग्योकुसाई सेयो!’ या पुस्तकात चितारली. शीर्षकाचा अर्थ, ‘सर्वांनी वीरमरण पत्करा!’. यातले नव्वद टक्के सत्य आहे, असे मिझुकींनी नमूद केले. बदललेला मोठा भाग शेवटाचा : प्रत्यक्षात सुमारे ८० जण वाचले, पुस्तकात कोणीच वाचत नाही. जंगल, आभाळ, प्रेते ही छायाचित्रासारखी तंतोतंत; शिपाई मात्र गोलमटोल, व्यंगचित्रातले. ते भुकेले असतात, विनोद करतात, मार खातात आणि मरतात, कधी मासा घशात अडकून, तर कधी मगरीच्या जबड्यात. वीरमरणात ‘वीर’ असे काही नसते, हे सांगायला त्यांना एकही भाषण लागले नाही.

२६/
७ जानेवारी १९८९ रोजी सम्राट हिरोहितो वारले आणि १९२६ पासूनचा ‘शोवा’ कालखंड संपला. त्याच सुमारास मिझुकींनी आठ खंडांत शोवा काळाचा चित्रमय इतिहास पूर्ण केला. त्यात दोन धागे एकत्र विणले आहेत : राष्ट्राचा इतिहास आणि एका सामान्य शिपायाचे आयुष्य. सेनापतींचे डावपेच आहेत, तशीच पोटदुखी, गहाणपावत्या आणि थोबाडीतही. चीनमधील जपानी अत्याचारांवर त्यांनी पडदा टाकला नाही. निवेदक कोण? कितारोच्या कथेतला लबाड, अस्वच्छ ‘मूषकमानव’. इतिहास सांगायला त्यांनी मुद्दामच देव निवडला नाही.

२७/
मानसन्मान उशिरा, पण भरभरून आले. नोन्नोनबावरील चित्रकथेला २००७ मध्ये फ्रान्सच्या आंगुलेम महोत्सवात सर्वोत्कृष्ट पुस्तकाचा पुरस्कार मिळाला. हा मान मिळवणारा तो पहिला मांगा. नुनोए यांच्या आठवणींवरील मालिका २०१० मध्ये जपानभर गाजली. साकाइमिनातोत एका रस्त्यावर आज पावणेदोनशेहून अधिक योकाईंचे कांस्य पुतळे उभे आहेत. घसरणीला लागलेल्या त्या बंदराला भुतांनीच पर्यटक मिळवून दिले. ३० नोव्हेंबर २०१५ रोजी, ९३ व्या वर्षी, मिझुकींचे निधन झाले.

२८/
एक शेवटची गोष्ट. मार्च २०२० मध्ये जग महामारीने घाबरले असताना, मिझुकींच्या संस्थेने त्यांनी काढलेले ‘आमाबिए’चे चित्र समाजमाध्यमांवर ठेवले. १८४६ च्या आख्यायिकेनुसार हा जलयोकाई समुद्रातून वर आला आणि रोगराई पसरली तर माझे चित्र काढून लोकांना दाखवा, असे सांगून गेला. बघता बघता जपानभर हजारो हातांनी आमाबिए रेखाटला. सरकारी आरोग्य खात्यानेही तो आपल्या फलकावर घेतला. चित्रकार जाऊन चार वर्षे उलटली होती.

२९/
‘तू एकटा जिवंत का परतलास?’ हा प्रश्न १९४४ मध्ये दरडावून विचारला गेला होता. मिझुकी पुढे सत्तर वर्षे जगले आणि जे परतू शकले नाहीत त्यांच्या गोष्टी एका हाताने काढत राहिले. त्यांची भुते मुलांना घाबरवत नाहीत. घाबरावे असे काय असते, ते त्यांनी माणसांत पाहिले होते.

३०/
यापूर्वी मिझुकींचे काही वाचले नसेल, तर नोन्नोनबापासून सुरुवात करा, मग युद्धकथेकडे वळा. दोन्हींचे इंग्रजी अनुवाद उपलब्ध आहेत. आणि तुमच्या आजीने सांगितलेले एखादे भूत अजून कोणी लिहून ठेवले नसेल, तर ते गावाच्या नावासह खाली जरूर लिहा. अशा नोंदी कोणीतरी केल्या होत्या, म्हणून मिझुकींना त्यांचे चेहरे काढता आले.

धागा समाप्त. 🙏